राक्षसाच्या पाठीवरची झिप

अल मनखूल, ८ मे

ती. खैरुद्दीनमामूंना,
इनायाचा सलाम, वि. वि.

फोनवर मी नुसती किंचाळते आणि तुम्हाला काही कळत नाही, म्हणून अम्मीच्या डब्याबरोबर कागद पाठवतेय. आधी बसा. तात्सुओ मिझुकामी दुबईत आलाय! आणि मी त्याच्या शूटवर आहे!

लहानपणी तुम्हीच त्याच्या सीडी आणायचात ना? तो चंदेरी हेल्मेटवाला स्पेस-पोलीस. नंतर ॲक्शन फिल्म्समध्ये व्हिलन, मग कितीतरी वर्षं काहीच नाही. पण सुरुवात रबरी राक्षसाच्या सूटमध्ये. फेस नाही, नाव नाही, फक्त पडायचं. आणि काय पडतो, मामू! आधी गुडघा, मग एक हात वर, मग अख्खा डोंगर खाली. मी बेडवरून प्रॅक्टिस करायचे आणि अम्मी चप्पल घेऊन यायची.

आता सत्तरी उलटल्यावर एका वेब-फिल्मसाठी तो परत राक्षस होतोय, वाळवंटात. लास्ट रोल, असं स्वतःच म्हणाला. सूटची झिप पाठीवर असते, आतून उघडत नाही. बाहेर एक माणूस लागतो. तो माणूस म्हणजे मी! त्याने तीनदा पंजा आपटला की उघडायची. खलास, एवढंच काम.

लोभ आहेच, जळू मात्र नका.
तुमची इनाया

रुवैस, १२ मे

चि. इनायास,
मामूच्या खूप खूप दुवा.

बोंबलाची चटणी पोचली, अर्धी रूममेटनेच उडवली. तुझं मराठी वाचताना मध्येच इंग्लिशचे खड्डे लागतात, पण गाडी पोचली.

बेटा, तुझं काम ऐकून मला घास गेला नाही. रिफायनरीत माणूस टाकीत उतरला की तोंडाशी एकजण बसतो. सध्या मीच बसतो. साहेब चहाला बोलावू दे, उठायचं नाही. आत काम कसं चाललंय ते बघायचं नाही, माणूस कसा आहे ते बघायचं. तू तर त्याची आशिक. आशिकाला पहाऱ्यावर कोण बसवतं गं? ज्याने त्याचा एकही पिक्चर पाहिला नाही असा कोणीतरी दे म्हणावं.

तुझ्या अम्मीला, शहरबानूला, यातलं अजून काही बोललो नाही. राग मानू नकोस, माया तशीच ठेव.
तुझा मामू

अल मनखूल, १६ मे

ती. मामूंना सलाम, वि. वि.

तुम्ही पण ना! टाकी कुठे, सिनेमा कुठे! तरी तुमचं म्हणून मी विचारलं. मिझुकामी-सान हसले. म्हणाले, माझं पडणं हिच्याइतकं कोणालाच माहीत नाही, हीच राहू दे. मी लगेच हो म्हटलं. तुम्ही नाही म्हटलं असतंत?

काल रिहर्सल झाली. बाहेर आल्यावर त्यांनी बूट उलटा केला तर घामाची धार लागली. कप उचलायला दोन्ही हात लावले, एज आहे शेवटी. डायरेक्टरला दुपारचाच लाइट हवाय. जूनमध्ये दुपारच्या कामावर बंदी येते, त्याआधी उरकायचं, यल्ला यल्ला, लवकर लवकर चाललंय. मिझुकामी-सान स्वतःच म्हणतात, अजून एकदा.

काळजी नको, नुसता लोभ पाठवा.
तुमची इनाया

अल मनखूल, २३ मे

मामू,
सलाम.

तुमचे मिस्ड कॉल पाहिले. बोलता येत नाही, म्हणून लिहितेय.

सोमवारी शेवटचा शॉट होता. ते चालत आले, गुडघा टेकला, एक हात वर गेला आणि अख्खा डोंगर खाली आला. तस्संच, मामू, माझ्या सीडीमधल्यासारखं. पडल्यावर पंजा वाळूवर आपटला. परत आपटला. परत. मला वाटलं, वा, न्यू टच! मी टाळ्या वाजवल्या. माझ्यामुळे सगळ्यांनी वाजवल्या. डायरेक्टरने कट म्हटलं तरी आम्ही वाजवतच होतो.

मग ते उठले नाहीत. हॉस्पिटलपर्यंतही पोचले नाहीत. मिझुकामी-सान गेले, मामू.

डायरेक्टर म्हणतो, शॉट परफेक्ट आहे, ठेवायचा.

आज त्यांची मुलगी जपानहून आली. रडली नाही. सूट बघायचाय म्हणाली, म्हणून मी तिला गोडाऊनमध्ये नेलं. तिने एकच प्रश्न विचारला, की बाहेर कोण होतं. मी म्हटलं, मी.

तिने सूट पालथा केला, झिप पूर्ण खाली ओढली, पूर्ण वर नेली, परत खाली.

एकदाही अडकली नाही.

लोभ असू द्या, असं लिहायचं असतं. तुम्हीच ठरवा.
इनाया