पाठपोट तपासले

प्रिय ठकू,

पाकीट बघून तू आधी चिडणार. "बाबा, किती वेळा सांगितलं, नुसतं स्कॅन करून पाठवा, कुरिअर कशाला!" असं पुटपुटत ते फोडशील, हे मला इथे बसून दिसतंय. तू मागितलेली आईची फाईल यात आहे, अख्खी, मूळ कागदांची. तू तयार करून पाठवलेल्या जबाबावर मात्र मी सही केलेली नाही. का केली नाही ते फोनवर सांगायचा दोनदा प्रयत्न केला आणि दोन्ही वेळा हवापाण्यावर बोलून फोन ठेवला. म्हणून लिहितोय. पत्र पाठपोट लिहिलंय, तेव्हा पानं उलटून वाच. गुरुवारी डॉक्टरांची चौकशी आहे, त्याआधी हे तुझ्या हातात पडायला हवं.

घरी सगळं ठीक आहे, म्हणजे ठीक नाही, पण चाललंय. स्वयंपाकघरातला नळ अजून ठिबकतो. आई त्याखाली फडकं ठेवायची, म्हणजे आवाज होत नसे. ते मला ती गेल्यावर कळलं. मी ओट्याशी उभ्याउभ्याच जेवतो. टेबलापाशी बसलं की समोरची खुर्ची दिसते आणि घास फिरतो. शेजारच्या काकू विचारतात, वेळ कसा जातो? मी सांगतो, जातो मजेत. खरं म्हणजे तो जातच नाही गं. सकाळी सातला जो दिवस उजाडतो तो तिथेच ठाण मांडून बसतो.

तुला माझी रेकॉर्ड रूम आठवते? शाळेला सुट्टी असली की तू यायचीस आणि शिडीवर चढून बसायचीस. छत्तीस वर्षं मी त्या खोलीत कागद सांभाळले. आलेली प्रत्येक फाईल मी एकेक पान उलटून बघायचो आणि शेवटी लाल शाईने लिहायचो, 'पाठपोट तपासले', खाली सही. लोक पुढची बाजू वाचतात आणि खरी गोम मागे असते, हे मी नव्या येणाऱ्या प्रत्येक कारकुनाला ऐकवायचो. ऑफिसात मला मागून 'पाठपोट' म्हणत हेही मला ठाऊक होतं. आईला कळलं तेव्हा ती हसून हसून खाली बसली आणि पुढे महिनाभर मला त्याच नावाने चहाला हाक मारत होती. मला राग नाही यायचा. उलट बरं वाटायचं. माझ्या हातून एकही कागद कधी गहाळ झाला नाही, याचा मला भलताच गर्व होता.

आता त्या दुपारकडे येतो. आईचा खोकला हटत नव्हता, आपले डॉक्टर औषधं बदलून बघत होते, आणि तू म्हणालीस की तुझी मैत्रीण याच आजारांची तज्ज्ञ आहे, तिला सगळी फाईल दाखवू. फोनवरूनच तू मला ते स्कॅनिंगचं अॅप घालून दिलंस आणि अर्धा तास शिकवलंस. मी तुझ्यावर चिडलो, मग मला जमलं, आणि जमल्यावर मी असा काही टेचात आलो की विचारू नकोस. टेबल खिडकीपाशी ओढलं. आई माझ्या उजवीकडे बसली. ती एकेक कागद माझ्यापुढे सरकवायची, उजव्या अंगठ्याने खालचा उजवा कोपरा दाबून धरायची, मी वर फोन धरून टिपायचो. पंख्याने कागद उडायचे म्हणून मी पंखा बंद केला होता. ती घामाघूम झाली, मध्येच खोकायची, मग फोटो हलायचा आणि मी तिच्यावर करवादायचो. हो, करवादायचो. एक्स-रेची फिल्म तिने खिडकीच्या काचेला धरली, तर फोटोत मागची इमारत आणि गच्चीवरची पाण्याची टाकी उमटली. त्यावर आम्ही दोघं खूप हसलो. डॉक्टरांना पाण्याची टाकी दाखवा, म्हणजे औषध स्वस्तात पडेल, असं ती म्हणाली. तिला हसताना बघितलं ते तेवढंच शेवटचं असावं. नंतर हसली असेल तर मला आठवत नाही.

सेहेचाळीस पानं झाली. प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात तिचा अंगठा आला होता, तो दारात चिमटून वाकडं झालेल्या नखाचा. अॅपने आपणहून विचारलं, बोट पुसून टाकू का? मला केवढं कौतुक वाटलं. मी हो म्हटलं. एकदाच नाही, सगळ्या पानांसाठी हो म्हटलं. क्षणात सगळी पानं पांढरीशुभ्र, डाग नाही, सावली नाही. मी आईला दाखवलं, बघ, तुझा अंगठा गायब. ती म्हणाली, बरं झालं बाई, ते नख काय दाखवायची वस्तू आहे? आणि मी तुला पाठवून दिलं.

पुढचं तुला माहीतच आहे. मैत्रीण म्हणाली, फिल्म वाचता येत नाही, पण डॉक्टरांच्या नोंदींत काळजीचं काही नाही, आहे तेच औषध चालू ठेवा, सुट्टीत इकडे घेऊन या. आपला जीव भांड्यात पडला. सुट्टी येईपर्यंत आई जिना चढू शकत नव्हती. सहा आठवडे आधी कळलं असतं तर गाठ काढता आली असती, हे त्याच मैत्रिणीने तुला सांगितलं आणि तू ते मला सांगितलंस, हॉस्पिटलच्या पायऱ्यांवर बसून, माझा हात इतका घट्ट धरून की वळ उठले. मग तू मेडिकल कौन्सिलकडे डॉक्टरांची तक्रार केलीस. डॉक्टरांनी लेखी उत्तर दिलं की मी बाईंना तोंडी सांगितलं होतं आणि कागदावरही लिहिलं होतं. तू सेहेचाळीस पानं पुन्हा पुन्हा पालथी घातलीस आणि म्हणालीस, कुठे लिहिलंय? धादांत खोटं बोलतोय हा माणूस. बाबा, याने आईला मारलं.

त्या दिवसापासून तू मला रोज सकाळी नऊला फोन करायला लागलीस. आधी तुझा फोन रविवारी यायचा, तोही आईला, आणि शेवटी एक मिनिट माझ्या वाट्याला. आता तू अर्धा अर्धा तास बोलायचीस. आपण असं करू, आपण तसं लिहू, आपण याला सोडायचं नाही. 'आपण' म्हणायचीस. ठकू, आठपासूनच मी दाढी करून, स्वच्छ शर्ट घालून फोनजवळ बसायचो.

तीन महिन्यांपूर्वी डॉक्टर मला भाजीच्या दुकानात भेटले. तक्रारीपासून त्यांचा दवाखाना बंद आहे, पाटीही उतरवली आहे. तीस वर्षं ज्यांची मुलंबाळं तपासली ते लोक त्यांना बघून रस्ता ओलांडतात. मीही ओलांडला असता, पण दुकानात जागाच नव्हती. मला वाटलं भांडतील. त्यांनी फक्त विचारलं, "मूळ फाईल घरीच आहे ना? एकदा नीट बघाल का? माझ्यासाठी नको, पण बघा." मी मान हलवून निघून आलो.

घरी येऊन फाईल काढली. एकतिसावं पान. पुढे तारीख, वजन, रक्तदाब, खोकल्याचं औषध. जागा संपलेली. खाली उजव्या कोपऱ्यात, अगदी कडेला, बारीक अक्षरांत दोन शब्द आणि एक बाण: 'मागे पाहा'. मी पान उलटलं. तिथे तीन ओळी आहेत: डाव्या फुफ्फुसात लहान गाठ दिसते, त्वरित तज्ज्ञांकडे जावे, रुग्णास समजावून सांगितले. मग फोनमधलं तेच पान काढलं. तो कोपरा कोरा आहे. तिचा अंगठा त्या दोन शब्दांवर होता, आणि मी अंगठा पुसला तेव्हा त्याखालची जागा अॅपने पांढऱ्या रंगाने भरून टाकली. कागद मात्र मी उलटला नव्हता. सेहेचाळीसपैकी एकही उलटला नव्हता. छत्तीस वर्षं ज्याने दुसरं काही केलं नाही, त्याने आपल्या बायकोचे कागद एका बाजूने टिपले, कारण त्याला नवीन खेळणं मिळालं होतं.

हे कळून तीन महिने झाले आणि मी तोंडाला कुलूप लावून बसलो. रोज नऊला तुझ्याशी बोललो. डॉक्टरांना तू नावं ठेवलीस, मी हुंकार भरला. मध्ये दोन दिवस तर मी सगळं आईच्या गळ्यात घालूनही पाहिलं. डॉक्टरांनी तिला समजावलं तेव्हा मी खाली औषधांच्या रांगेत होतो. ती बाहेर येऊन म्हणाली होती, विशेष काही नाही, चला. म्हणजे तिला माहीत होतं? अंगठा तिने मुद्दाम तिथे ठेवला? पण तो तर प्रत्येक पानावर तिथेच होता. विचारणार कोणाला? आणि तिने लपवलं असेल तरी लपवलेलं शोधणं हेच तर माझं काम होतं.

आता हे का लिहिलं ते. तू पाठवलेल्या जबाबात खाली एक ओळ आहे: 'मी मूळ कागदपत्रे दोन्ही बाजूंनी तपासली असून त्यांत अशी कोणतीही नोंद नाही.' तू ती सहज लिहिली असशील, माझ्या भरवशावर. त्याखाली सही करायला मी पेन उघडलं आणि हात चालला नाही. एकतिसावं पान सगळ्यात वर ठेवलंय, मागची बाजू वर करून. गुरुवारी तू ते दाखवशील, याबद्दल मला शंका नाही; तुला आईने वाढवलंय. डॉक्टर सुटतील, पण गेलेला दवाखाना काही परत येणार नाही. याने आईला मारलं, हे तुझं वाक्य आता कोणाला लागू पडतं ते तुला कळेलच, मी ते स्वतःला रोज म्हणून बघतो. पुन्हा फोन कर असं म्हणायला मला तोंड नाही. काल मी फोनमधली सगळी पानं मोठी करून पाहिली, निदान एका तरी कोपऱ्यात तिचं ते वाकडं नख राहिलं असेल म्हणून. अॅपने काम चोख केलंय. कुठेच नाही.

तुझाच,
बाबा