दोन ॲडकिन्स, एक पूल

पोर्ट्समथ, ओहायो
२ एप्रिल १९८१

ती. डेल्फियाताईस,
शि. सा. न. वि. वि.

मी जिवंत आहे, हे आधी सांगतो, म्हणजे पुढचं तू शांतपणे वाचशील. सध्या जत्रेतल्या चक्राचे लाकडी घोडे रंगवायचं काम मिळालंय. त्यातल्या एका घोड्याला एकच काचेचा डोळा आहे आणि तो नेमका माझ्याकडंच बघतो. मालक म्हणतो, दुसरा डोळा बसवू नकोस, पोरं त्याच्यावरच बसायला भांडतात. माणसांचं काही कळत नाही बघ.

तर सांगायचं वेगळंच होतं. गेल्या महिन्यात गाडीच्या परवान्यासाठी आपल्या कोर्टात आलो होतो. तुझ्याकडं आलो नाही, कारण आलो असतो तर तू आधी केस कापायला बसवलं असतंस. तिथं होबार्ट लायटल भेटला, सध्याचा जज वुडरो केस, त्याची पडेल ती कामं करतो तो. त्यानं माशाचं सँडविच खाऊ घातलं, आपल्या बापाच्या आठवणी काढल्या, आणि म्हणाला की क्लीव्ह ॲडकिन्सच्या पोराचं नाव आयुष्यात एकदा तरी मतदानाच्या यंत्रावर लागलं पाहिजे. मी म्हटलं, लागू दे की! सही केली. कौंटीच्या जजपदाला, म्हणजे रस्ते-पूल बांधणाऱ्या कारभाऱ्याच्या जागेला, मी उभा आहे ताई, हसू नकोस. माझ्या ट्रकचे टायर गुळगुळीत झालेले बघून त्यानं चार नवे कोरे टायरही बसवून दिले. भला माणूस.

दाजींची छाती कशी आहे? त्यांना सांग, मी निवडून आलो की त्यांना शेरीफ करतो.

चुलीवर माझ्या नावाची एक भाकरी मक्याची असू दे, बाकी मागणं नाही.
तुझा भटक्या,
डॅरेल

रॉक फोर्क, केंटकी
७ एप्रिल १९८१

चि. डॅरेल यास,
अ. उ. आ.

आशीर्वाद रीत म्हणून लिहिलाय. हात मात्र तुझ्या कानाखाली वाजवायला शिवशिवतोय.

भला माणूस म्हणे! अरे दगडा, एस्टिल काकानं जजपदाला अर्ज भरलाय. तुझ्या सहीच्या आदल्याच दिवशी. सगळ्या कौंटीला माहीत, होबार्टला तर आधी माहीत. तुला कोण विचारतो, तुझं आडनाव हवं होतं त्यांना. ॲडकिन्सांची मतं दोन ठिकाणी फुटली की वुडरो केस दोघांच्या मधून शीळ घालत निघून जातो. चार टायरांवर काकाला विकलास तू.

आणि आम्हालाही. सत्त्याहत्तरच्या पुरात आपला पूल गेला, तो केसनं मुद्दाम बांधला नाही, कारण रॉक फोर्कनं त्याला मत दिलं नव्हतं. त्याला मत देणाऱ्या खोऱ्यात गोठ्यापर्यंत खडी पडते आणि इथं आम्ही दोरावरच्या झुलत्या पुलावरून पीठ आणतो. पीठ आणता येतं रे. तुझ्या दाजींना, ऑर्व्हिलना, नाही नेता येत. खाणीनं त्यांची छाती इतकी भरून ठेवलीय की अंगणातून पायरीपर्यंत येताना दोनदा बसतात. डॉक्टर म्हणतात, पुढच्या झटक्याला वेळेत इस्पितळ गाठलं तर ठीक. अँब्युलन्स पल्याड उभी राहणार आणि आम्ही अल्याड. काकानं शब्द दिलाय की निवडून आलो तर पहिलं काम हा पूल.

 

असशील तिथून ऊठ आणि नाव काढून घे. ऑर्व्हिल म्हणतात, शेरीफचा बिल्ला त्यांना चालेल, पण तुझ्या हातचा नको.

अजून तरी तुझीच,
डेल्फिया

केनी, ओमा आत्याचं घर
१८ एप्रिल १९८१

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्र मिळालं त्याच दिवशी निघालो. अर्धा रंगवलेला घोडा तसाच टाकून आलो, मालकानं जाताना शिवी घातली.

कोर्टात क्लार्क विल्माबाईंपुढं उभा राहिलो. नाव काढा म्हटलं. त्या म्हणाल्या, मुदत संपली, यंत्रांवर नावांच्या पट्ट्या लागल्या, आता तू मेलास तरी नाव राहील. शिवाय चिठ्ठ्या टाकून क्रम लावला त्यात मी पहिला आलोय. आयुष्यात प्रथमच कशात तरी पहिला. सर्वांत वरचा खटका माझा, दुसरा केसचा, तिसरा काकाचा. आणि काकाची माणसं गेला महिनाभर खोऱ्याखोऱ्यांतून सांगत फिरलीत की ॲडकिन्स दिसलं की ओढ. निम्म्या म्हाताऱ्यांना आडनावापलीकडं अक्षर लागत नाही, त्या पहिलं ॲडकिन्स दिसताच ओढणार.

मग काकाकडं गेलो. ओसरीवर बसून लाकूड तासत होता. मी सगळं सांगितलं, टायरांसकट. त्यानं मान वर केली नाही. शेवटी एवढंच विचारलं की जेवलास का. मी जेवलो नव्हतो, पण हो म्हटलं.

आता या केनीच्या खोऱ्यापासून सुरू करून दारोदार जातो आणि सांगतो की मला मत देऊ नका, एस्टिलला द्या. लिहिता येत नाही मला धड, पण बोलता येतं. आत्याकडं राहतोय. तिची एक कोंबडी माझ्या बुटात अंडं घालते, ते वेगळं सांगेन.

रागाचा चटका कमी झाला की कळव.
डॅरेल

रॉक फोर्क
१२ मे १९८१

चि. डॅरेल यास,
अ. आ.

थांब. आहेस तिथं थांब आणि एकाही ओसरीवर पाय ठेवू नकोस.

काल दुकानात बायकांचं बोलणं ऐकलं. तू येऊन गेलास, म्हणे अगदी क्लीव्हसारखा दिसतो, तसंच हसतो, तशीच टोपी मागं सरकवतो. आपल्या बापानं खाणीत छत कोसळताना यांच्यातल्या कितीजणींच्या नवऱ्यांना बाहेर ढकललं आणि स्वतः आत राहिला, ते कुणी विसरलेलं नाही. तू सांगतोस मला मत देऊ नका, तर त्या म्हणतात, किती लाजाळू पोर, आजवर एकही उमेदवार असं म्हणाला नव्हता. बर्था स्लोननं तर तुला दोन मुलांची मतं पण देऊन टाकलीत, मुलं डेट्रॉइटला असून! तुझ्यासाठी केक करतात आणि तू खातोस. खातोस की नाही? दारात आलेल्याला नाही म्हणायची आपल्याकडं रीत नाही, हे तुला कळायला हवं होतं. जितक्या घरी गेलास तितकी घरं काकाची गेली.

आता दुसरं. शनिवारी भर दुपारी ऑर्व्हिल घेवड्याच्या वेलाला काठी लावताना खाली बसले ते उठेनात. ओठ निळे. अँब्युलन्स आली, पल्याड दिवे फिरवत उभी. शेजारच्या चौघांनी रजईत घालून त्यांना झुलत्या पुलावरून नेलं. मध्यावर पूल एका अंगाला कलला, एकाचा पाय फळीतून आरपार गेला. मी मागून त्यांचं ऑक्सिजनचं नळकांडं धरून चालत होते आणि खाली पाणी बघत होते. यावेळी वाचले. डॉक्टर म्हणाले, नशीब. नशिबाला दोनदा हाक मारायची नसते.

घरी आल्यावर म्हणतात कसे, डॅरेलवर ओरडू नकोस, मला रजईतून जायला बरं वाटलं, लग्नानंतर कुणी इतकं उचलून घेतलं नव्हतं. मला हसू आलं नाही.

पक्षातलं मतदान सव्वीसला आहे, त्यात जिंकेल तोच नोव्हेंबरच्या मुख्य निवडणुकीला उभा राहणार. आता काय करायचं ते मला सुचत नाही. तुलाही सुचू नये अशीच देवाकडं मागणी आहे.

डेल्फिया

केनी
२० मे १९८१

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

दाजींचं वाचून दोन दिवस काही खाल्लं नाही. केक खाल्ला होता, ते खरं आहे. बर्था स्लोनचा वाळवलेल्या सफरचंदांचा होता, सात थरांचा. असो.

मी खूप चाललो आणि विचार केला. चालल्याशिवाय मला विचार येत नाही, म्हणून तर शाळेत आला नाही. हे लोक बापासाठी मला मत देणार. चांगलं बोलून ते सुटायचं नाही. आपल्या माणसांना नको म्हटलं तर ती वाढून देतात.

रविवारी थडगी सजवायचा दिवस आहे. टेकडीवर सगळे ॲडकिन्स येतील, केनीचे, रॉक फोर्कचे, ओहायोत गेलेलेसुद्धा. मीही येईन. मी काहीही केलं तरी माझी बाजू घेऊ नकोस. तोंडाला येईल ते बोल. काकाला काही विचारू नकोस, त्याला काही ठाऊक नाही.

दाजींना वर टेकडीवर आणू नका, चढ आहे.

तुझी माया मला पुरून उरलेली आहे, उरलेली जपून ठेव.
डॅरेल

रॉक फोर्क
२९ मे १९८१

चि. डॅरेल यास,
अनेक, अनेक आशीर्वाद.

हे पत्र पोर्ट्समथच्या जत्रेवाल्याच्या पत्त्यावर टाकतेय. तू कुठं आहेस कुणालाच ठाऊक नाही.

ऑर्व्हिल ऐकले नाहीत, झुलत्या पुलावर तीनदा बसत पल्याड गेले आणि शेजाऱ्यांच्या ट्रॅक्टरवर बसून टेकडीवर आलेच. त्यामुळं त्यांनी सगळं पाहिलं. मीही पाहिलं. फुलं वाहून झाली होती, चादरींवर कोंबडी आणि घेवडे मांडले होते. थडग्यांमध्ये राजकारण नाही, ही आजोबांपासूनची रीत, म्हणून काकानं स्वतःच्या कोटावरचा निवडणुकीचा बिल्लासुद्धा खाली फाटकात काढून ठेवला होता. आणि तू आलास वुडरो केसच्या गाडीतून. त्याच्या खांद्यावर हात टाकून. त्याला एकेका चादरीपाशी नेऊन हात मिळवायला लावलेस. तो बावळट खूश, इतके ॲडकिन्स एका जागी त्याला कधी मिळाले होते? आणि मग तू आपल्या बापाच्या दगडाला टेकवून तुझं मतं मागायचं छापील कार्ड ठेवलंस आणि शेजारी त्याचं.

 बर्था स्लोननं आधी केक झाकून ठेवला. मग मी उठले. मी काय बोलले ते मला आठवतं आणि तुलाही आठवत असेल. माझा भाऊ त्या छताखाली बापाबरोबरच मेला असता तर बरं झालं असतं, असं मी सगळ्यांसमोर म्हणाले. तुझं पत्र माझ्या पिशवीत होतं. रागात ते मला आठवलंही नाही. तू सांगितलंस म्हणून मी बोलले नाही, डॅरेल. मी मनापासून बोलले. हे तुला कळावं म्हणून लिहितेय, कारण खोटं मला जमत नाही.

उतारावर ऑर्व्हिल एवढंच म्हणाले की पोरानं हिशेबानं घर जाळलं, आता त्याला मत कोण देतंय? तेव्हा मला पत्र आठवलं आणि मी ते पिशवीतून काढून पुन्हा वाचलं.

काका एकवीस मतांनी आला. केस तोंड लपवतोय. टेकडीवर येऊन मतं मागितली म्हणून त्याच्या स्वतःच्या सासुरवाडीनं त्याला टाकलं. रॉक फोर्कच्या केंद्रावर केसला शून्य, तुला एक आणि बाकी सगळी मतं काकाला. ते एक कुणाचं यावर दुकानात मारामारी व्हायची वेळ आली. ऑर्व्हिल सगळ्यांना छातीवर हात ठेवून सांगतात की माझं. कुणी विश्वास ठेवत नाही, म्हणतात नळीतला वारा डोक्यात गेलाय. मी घरी आल्यावर विचारलं, एकवीसच्या जागी काका एका मतानं पडला असता तर? तर म्हणाले, मग रजईतून गेलो असतो. पण त्या पोराला अख्ख्या खोऱ्यानं टाकलं, असं मला होऊ द्यायचं नव्हतं.

काल काका आला होता. पुलाची जागा मोजून गेला. मी त्याला सगळं सांगायला गेले तर त्यानं हात वर करून थांबवलं. म्हणाला, नोव्हेंबरची निवडणूक व्हायची आहे, केसची माणसं म्हणतील की काका-पुतण्यानं संगनमतानं थडग्यावर नाटक केलं, आणि मग पूलही जाईल आणि क्लीव्हचं नावही. तेव्हा मला काही सांगू नकोस, मला काही ठाऊक नाही.  जाताना फाटकापाशी वळून विचारलं, पोर जेवून गेलं होतं का त्या दिवशी टेकडीवरून.

मी गप्प बसलेय. देवळात तुझं नाव काढून बायका थुंकतात आणि मी भजनाच्या पुस्तकात बघते. ऑर्व्हिलसाठी बघते. हे पाप की पुण्य मला ठरवता येत नाही. नोव्हेंबरपर्यंत येऊ नकोस. 

तू जिथं असशील तिथं तुला कुणी तरी वाढावं.
तुझी आणि तुझीच,
ताई

डेटन, ओहायो
२० जून १९८१

ती. ताईस,
शि. सा. न. वि. वि.

पत्र फिरत फिरत मिळालं. तू मनापासून बोललीस तेच बरं झालं, नाहीतर बर्थाबाईंनी ओळखलं असतं. तू शाळेतल्या नाटकात झाड झालीस तेव्हाही सगळ्यांना दिसत होतं की ही झाड नाही. दाजींना सांग, त्यांचं मत मी मान्य केलंय आणि परत घ्यायची मुदत संपली आहे.

इथं छपरांना डांबर लावायचं काम आहे. ऊन असं की बूट चिकटतात. राहायला एका म्हाताऱ्या बाईची खोली मिळाली. ती मूळ आपल्याकडचीच, नवरा इथल्या कारखान्यात लागला म्हणून आलेली, बोलणं ऐकूनच मी ओळखलं. रोज सूप बीन्स, घेवड्याच्या दाण्यांचं आपलं कालवण, करते आणि वर कच्चा कांदा चिरून देते. तिच्याकडं गावाकडचा पेपर टपालानं येतो, आठवड्याचा शिळा, पण ती जाहिरातींसकट वाचते.

काल जेवताना तिनं माझं आडनाव विचारलं. सांगितलं. तर पेपर खाली ठेवून म्हणाली, त्या जज होऊ घातलेल्या ॲडकिन्सच्या घराण्यातला का तू? फार सरळ माणूस निघाला म्हणतात, येताच रॉक फोर्कच्या पुलाला हात घालणार आहे. तिचे डोळे चमकले होते, गावचं कुणी सापडलं म्हणून. मग आवाज उतरवून म्हणाली, त्याचा एक पुतण्या मात्र अगदी वाया गेलेला, बापाच्या थडग्यावर जाऊन काय केलं त्यानं, तू ऐकलं असशीलच.

मी ऐकलंय म्हटलं. आणि सांगितलं की नाही हो मावशी, ते आमच्यातले नव्हेत. आमच्या बाजूला दगड उचलला तरी खाली ॲडकिन्स सापडतो.

तिला बरं वाटलं. तिनं मला आणखी वाढलं.

डॅरेल