विंचू मंडळ, फहाहील

२७ फेब्रुवारी १९९९, शनिवार

डोकं भणभणतंय! आपल्या बिल्डिंगच्या मागच्या भिंतीवर कुणीतरी हातभर अक्षरांत लिहून ठेवलंय – ‘ओंकार म्हैस’. इंग्रजीत, काळ्या स्प्रेनं, वर शिंगं काढून! कुणीतरी कसलं, समोरच्या पिवळ्या बिल्डिंगची कार्टी. कुवेतच्या नॅशनल डेला रस्ताभर फेस आणि रंग उडवत फिरत होती, त्यातच उरकलं असणार.

क्लोरॉक्स आणि तारेची घासणी घेऊन खाली गेले. हात भरून येईपर्यंत घासलं. म्हैस गेली, शिंगं राहिली. वर आले तर ओंकार बाथरूममध्ये, नळ सोडून. नळ सोडून रडायची ही पद्धत त्यानं माझ्याकडूनच उचललीय.

मला आणि ओंकारला नाशिकहून ह्यांच्याकडे येऊन दोन वर्षं झाली. तेरा वर्षांचा मुलगा आणि एक मित्र नाही. शाळेतून आला की गॅलरीत उभा राहून खालचं क्रिकेट बघतो. ह्यांना म्हटलं, काहीतरी करा. हे शुऐबाच्या प्लँटवरून पाळी करून आलेले, डोळे मिटूनच म्हणाले, “मुलांच्या भांडणात मोठ्यांनी पडू नये, सरोजिनी.”

बरं. मग मी एकटीच पडते.

४ मार्च, गुरुवार

मंडळ काढलं! चार मराठी डोकी जमली की मंडळ निघतं म्हणतात. इथे डोकं एकच होतं, माझं, पण पुरलं.

शाळेला सुट्टी, म्हणून बिल्डिंगमधली पोरं घरी बोलावली. केरळचे दोघे भाऊ, एक गोव्याचा, तिसऱ्या मजल्यावरच्या बिल्कीसचा मुलगा आणि आमचा ओंकार. पुढ्यात साबुदाण्याची खिचडी ठेवली. खाता खाता समजावलं – भिंत कोरी राहिली की कुणीही उठून खरडणार, म्हणून आपणच आधी रंगवायची. आणि करायचं तर रीतसर. नाव हवं, निशाणी हवी, अध्यक्ष हवा. अध्यक्ष ओंकार, कारण रंग आमच्या घरचा! ह्यांच्या ओळखीच्या कंत्राटदारानं अम्गऱ्याच्या गोदामातून उरलेले डबे पाठवलेत.

निशाणीवरून मारामारी. वाघ, ड्रॅगन, काय काय. मी म्हटलं, विंचू. आपलं सगळ्यांचं विंचवाचं बिऱ्हाड, पाठीवर. कॉन्ट्रॅक्ट संपलं की उचललं आणि निघालो. पोरांना म्हण कळली नाही, पण ओंकार म्हणाला, “अँड इट स्टिंग्ज!” आणि हसला. किती दिवसांनी हसला!

५ मार्च

काय विंचू झालाय! रांगोळीला देतात तसे मी भिंतीवर खडूनं ठिपके दिले. पोरांनी जोडले, आत लाल भरला, बाहेरून काळी कड. माणसाहून उंच. नांगी बरोबर पिवळ्या बिल्डिंगच्या दिशेनं. यूसुफ, आमचा मिसरी हारिस, रखवाली सोडून चहाचा ग्लास घेऊन बघत बसला होता. “हिल्व, मदाम, हिल्व,” म्हणाला. छान म्हणे.

संध्याकाळी ओंकार खाली क्रिकेट खेळत होता. बॅटिंग! मी गॅलरीतून बघत राहिले. कुकरच्या शिट्ट्या मोजायच्या राहिल्या, वरणाचा पार गाळ झाला. असू दे.

२० मार्च

मेल्यांनी विंचवावर काळी फुली मारली. आमची पोरं गप्प बसली नाहीत. मगरीबच्या बांगेला सगळे नमाजाला गेलेले बघून त्यांच्या फाटकावरच एक विंचू काढून आली.

हे भडकले. “हा कुवेत आहे, नाशिकचं भद्रकाली नाही! कुणी मखफरला गेलं, पोलिसांनी एक कागद केला, तर आपल्या सगळ्यांना विमानात बसवतील. पोराचं शिक्षण, माझी नोकरी, सगळं बोंबलेल.”

खरं आहे. ह्यांच्या देखत ओंकारला खूप बोलले. मग स्वयंपाकघरात नेऊन गरम शिरा खायला घातला. ठोशाला ठोसा द्यायला शिकला माझा मुलगा! एवढं तरी कौतुक करायला नको?

३ जून

पिवळ्या बिल्डिंगवर आता आमच्याच निशाण्या. त्यांच्या खुणा पोरांनी पार बुजवल्या. जिंकलो! बॅगा भरायच्यात, सुट्टीला नाशिकला जायचं, उद्याचं विमान. आईसाठी बदाम घ्यायचे राहिले.

१३ सप्टेंबर

गणपती बसले. दरवर्षी मी एकटी मरमर करते. या वर्षी पोरांनी आरास केली, खुर्च्या आणल्या, लिफ्टपाशी उभं राहून पाहुण्यांना वर पोचवलं. ख्रिश्चन, मुसलमान, सगळे ‘मोरया’ म्हणत होते. सिटीहून आलेल्या बायका म्हणाल्या, “सरोजिनीताई, पोरांना शिस्त लावलीत हो!” माझ्या अंगावर मूठभर मांस चढलं.

सगळ्यांसाठी मनगटाच्या काळ्या पट्ट्या शिवल्या, त्यावर लाल विंचू भरला. ओंकार म्हणाला, पट्टी ज्यालात्याला द्यायची नाही. कमवावी लागेल. अध्यक्ष शोभतो!

१८ नोव्हेंबर

रंग संपले. मी पोरांना म्हटलं, मंडळ आहे ना, वर्गणी मागा. गोड बोलून मागायची, हट्ट करायचा नाही. गल्लीच्या तोंडाशी गफूरचा बकाला आहे, किराणा-दूध तिथूनच येतं. त्यानं रंगाचे पैसे तर दिलेच, वर पेप्सीचा अख्खा क्रेट दिला. आज दही आणायला गेले तर आभार मानले त्याचे. म्हणाला, “भाभी, बच्चे लोग अच्छा है. अब मेरे शटर पे दूसरा कोई नहीं लिखता.” आता दर गुरुवारी क्रेट काढून ठेवतो म्हणे. न मागता!

हे म्हणाले, “न मागता?” ह्यांना प्रत्येक गोष्टीत खोट दिसते.

११ फेब्रुवारी २०००

गल्ली कशी लख्ख झालीय! परके लोक गाड्या लावत नाहीत. संध्याकाळी भिंतीला टेकून बसणारी मजुरांची गर्दीही दिसत नाही.

त्यातला काशिनाथ आज नळ दुरुस्त करायला आला होता. कुडाळचा प्लंबर. दर शुक्रवारी भिंतीपाशी बसून टेपवर भजनं लावायचा, गॅलरीत ऐकू यायची. विचारलं, हल्ली बसत नाहीस? वॉशर बसवता बसवता म्हणाला, “पोरां बसाक देनत नाय, वैनी. म्हनतत, ह्यो वॉल आमचो. माजो टेप फोडल्यानी.”

“आमच्या पोरांनी? छे! दुसरी असतील.”

“आसतीत,” म्हणाला. पैसे घ्यायला तयार नव्हता. बळंच दिले, लाडूही दिले.

रात्री ओंकारला विचारलं. टीव्हीवरची नजर न हलवता म्हणाला, “इट फेल, मॉम.” टेप पडला. पडूच शकतो.

२ मे

ओंकार माझ्याहून उंच झाला. अर्ध्या बोटानं. दाराच्या चौकटीपाशी पाठीला पाठ लावून मोजलं. मी टाचा उचलल्या होत्या, त्यानं पकडलं.

१२ ऑक्टोबर

पिवळ्या बिल्डिंगमधल्या एका पोराचा हात मोडला. जिन्यावरून पडला म्हणतात. त्याचा बाप म्हणतो, ढकलला. बाप संध्याकाळी मखफरला गेला. ओंकारचं नाव देणार असं गफूरनं फोन करून कळवलं.

देवापुढे बसले. हे येरझाऱ्या घालत होते. ह्यांचा पासपोर्ट कंपनीच्या कपाटात, मुलाचा रेसिडेन्सीचा शिक्का ह्यांच्या नोकरीवर. “एक कागद, सरोजिनी. फक्त एक कागद.” सतरा वर्षांची नोकरी असलेला माणूस, दाराची कडी पुन्हा पुन्हा तपासत होता. ओंकार मात्र खोलीत कानाला वॉकमन लावून अभ्यास करत होता. नववीचं वर्ष.

१४ ऑक्टोबर

मिटलं! तो बाप मखफरच्या दारातून परत आला, तक्रार दिलीच नाही. कर नाही त्याला डर कशाला, हेच खरं! देवाला पेढे ठेवले.

हे म्हणाले, “तो का परत आला, ठाऊक आहे? माझ्यासारखाच आहे तो. त्याचीही रेसिडेन्सी आहे, त्याचाही मुलगा त्याच शाळेत जातो. ओंकारला माहीत होतं, तो तक्रार देणार नाही.”

म्हटलं, पेढा खा. पेढा तसाच ताटलीत ठेवून झोपले. चिडकं माणूस.

१४ जानेवारी २००१

संक्रांतीचं हळदीकुंकू झोकात झालं. घर भरून बायका. गुळाची पोळी एकही उरली नाही.

सगळ्या गेल्या तरी एक नवी मुलगी खुर्चीत बसून राहिली. उल्का. साताऱ्याची. नवरा ह्यांच्याच प्लँटवर नवीन लागलाय, मागच्या बिल्डिंगमध्ये राहतात. मुलगा प्रीतम, बारा वर्षांचा. पदराशी चाळा करत म्हणाली, “वहिनी, तुम्हाला एक विचारू? आमच्या प्रीतमला खाली खेळायला... म्हणजे तुमची परवानगी मिळेल का?”

मला हसूच आलं. “अगं, माझी कसली परवानगी?”

“सगळ्या म्हणाल्या, ओंकारच्या आईला विचार.”

खोटं कशाला लिहू, बरं वाटलं. दोन वर्षांपूर्वी ह्या गल्लीत आम्हाला कुत्रं विचारत नव्हतं! तिच्या ओंजळीत तिळगूळ भरला. म्हटलं, खुशाल पाठव, माझं नाव सांगायला सांग.

२० जानेवारी

प्रीतमचा ओठ फाटलाय, डोळा सुजलाय. गफूरच्या दुकानात उल्का त्याला घेऊन आली होती. मी विचारायच्या आत म्हणाली, “पडला तो, वहिनी.” माझ्याकडे बघितलं नाही. प्रीतमच्या मनगटाला काळी पट्टी होती.

घेतलं म्हणायचं पोरांनी त्याला. पण इथली मुलं फार पडतात बाई!

२१ जानेवारी

झोप लागली नाही. सकाळी ओंकारला शाळेच्या बसआधी गाठलं. म्हटलं, मी शब्द दिला होता तिला.

बुटाची नाडी बांधता बांधता म्हणाला, “मॉम, एव्हरीबडी गेट्स हिट फर्स्ट. दॅट्स द रूल. प्रीतम इज हॅपी. आस्क हिम.”

“हा नियम कुणी काढला?”

“अध्यक्ष,” म्हणाला. मराठीत! आणि गालाचा मुका घेऊन गेला. इतक्या दिवसांनी मुका घेतला! बस वळेपर्यंत गॅलरीतून हात हलवत राहिले.

२ फेब्रुवारी

विंचवाचा लाल उडालाय उन्हानं. म्हटलं, चला, पुन्हा रंगवू, मी ठिपके देते, खिचडी करते. कुणी आलं नाही. ओंकार म्हणाला, भिंतीचं आता लहान मुलं बघतात.

किती मोठं झालं मंडळ! समुद्राच्या रस्त्यापर्यंत विंचू आहेत म्हणे. पाच पोरांवरून सुरू केलं होतं मी. मीच!

२२ फेब्रुवारी, गुरुवार

भाजीच्या दोन पिशव्या घेऊन घरी येत होते. गल्लीच्या तोंडाशी दोन पोरं आडवी आली. कधी न पाहिलेली. मनगटाला पट्ट्या, पण माझ्या हातच्या नाहीत, विकतच्या. “व्हिच बिल्डिंग, आंटी? कहाँ जाना है?” एकानं पिशवीला हात घातला. यूसुफ फाटकातूनच बघत होता, तो आत निघून गेला.

गफूरच्या दुकानापुढे गाडीच्या बॉनेटवर ओंकार बसला होता. हातात पेप्सी. उठला नाही. तिथूनच म्हणाला, “लेट हर गो. शी इज विथ मी.”

पोरं बाजूला झाली. मी मान खाली घालून पुढे गेले. त्याच्याजवळून जाताना तोंडातून ‘थँक्यू’ निघालं.