धुकं पिणारं रान

एलियामिनीदादा,

काल मोशीच्या बाजारात तू पाहुण्यांना किलिमांजारो दाखवत होतास. "शिखरावरचा बर्फ आटला, म्हणून आमच्या गावाचे पाट कोरडे पडले," हे किती रडवेलं तोंड करून सांगितलंस! मी मागेच केळी विकत बसले होते. लाज कशी वाटली नाही रे तुला?

बर्फाच्या माथी खापर काय फोडतोस? आपले पाट भरायचे ते वरच्या हेदरच्या झुडपांच्या रानामुळे. तिथलं शेवाळ धुकं प्यायचं आणि रात्रंदिवस ठिबकत राहायचं. ते रान तू जाळलंस. मधासाठी पोळ्याला धूर केलास, वाऱ्याने आग पसरली आणि तू पळालास. बाबा विझवायला धावले, त्यांचे हात भाजले. वर वनरक्षकांना म्हणाले, "आग माझ्याच हातून लागली." तुरुंगात तेच गेले.

आता ते त्याच हातांनी तिथे रोपं लावतात. मी तुझं नाव काढलं की म्हणतात, "त्याला काही लिहू नकोस गं आइका. नाताळला घरी यायचा बंद होईल."

म्हणून हे पत्र चुलीत घालतेय. नाताळला खुशाल ये. पण जेवायला बसताना हातावर पाणी घालायला मला हाक मारू नकोस. मी उठणार नाही.

आइका