महाराणीची आंघोळ

प्रिय बबडे,

तू रागावली आहेस, मला ठाऊक आहे. इतके दिवस तुझा फोन वाजतो आणि मी उचलत नाही. शेजारच्या काकूंनी तुला सांगितलं की मी धडधाकट आहे, त्यावर तू आणखीच चिडलीस म्हणे. तुझा राग रास्त आहे. कारण सांगतो, पण आधी महाराणीच्या आंघोळीचं ऐक. सुरुवात तिथूनच झाली.

तुझी आई गेल्यापासून ही मांजरी कुणाला अंगाला हात लावू देत नव्हती. आईच्या खोलीच्या दारात बसायची, आत बघत. त्या लांबलचक केसांत पोटाखाली गाठी झाल्या, वास यायला लागला. डॉक्टर म्हणाले, आंघोळ घाला, नाहीतर सगळे केस काढावे लागतील. आई रोज ज्यांतून कंगवा फिरवायची ते केस काढायचे, हे मला सहनच होईना.

पण मी पडलो शिंपी. नवं कापड कापायच्या आधी भिजवायची जन्माची सवय. महाराणीला थेट टबात भिजवली, म्हटलं गाठी सैल होतील. झालं उलटंच. गाठी आवळल्या आणि बाईसाहेबांनी माझ्या हाताची चाळण केली. मग आई कशी करायची ते आठवत बसलो. आधी कोरड्या केसांतून कंगवा, गाठ बोटांनी सोडवायची. टबाच्या तळाशी जुना टॉवेल, म्हणजे पाय घसरत नाहीत. कोमट पाणी मानेपासून मागे, तोंडावर थेंबही नाही. आणि सगळा वेळ आईचं बोलणं चालू, मांजरीशी काय नि माझ्याशी काय, एकाच सुरात.

पुढच्या खेपेला सगळं तसंच केलं, फक्त बोलणं जमेना. मी तोंड उघडलं की महाराणी ताठ. तेवढ्यात तुझा फोन आला. ओल्या हातानं स्पीकर लावला आणि तू विचारलंस, "जेवलात का?" ती एकदम सैल पडली. तू तुझ्या ऑफिसचं सांगत राहिलीस, मी पाणी ओतत राहिलो, तिनं अंगही चोरलं नाही. फक्त दाराकडे बघत होती. तू फोन ठेवलास तशी ती ओरडायला लागली. असं ओरडणं मी तिच्याकडून कधी ऐकलं नव्हतं. आता फोन वाजला की धावत जाऊन दाराशी बसते आणि वाट बघते.

मांजरीचं सोड. बबडे, तू "जेवलात का" विचारलंस तेव्हा मीही दाराकडे वळलो होतो. "आलोच गं" म्हणालो, ते तुला ऐकू गेलं असेल. पण ते मी तुला म्हणालो नव्हतो. फोनवर तुझा आवाज हुबेहूब आईचा येतो. समोर असतेस तेव्हा तसा वाटत नाही, तुझा चेहरा दिसत असतो ना. मला फोन उचलायची भीती वाटते, आणि एखाद्या दिवशी मुद्दाम त्या आवाजासाठीच उचलेन, याची त्याहून जास्त. म्हणून हे पत्र. फोन करू नकोस. तू स्वतः ये, दारातून आत ये, म्हणजे कोण आलंय आणि कोण येणार नाही, ते आम्हा दोघांनाही एकदाचं कळेल.

तुझाच,
बाबा