सफाई मावशींच्या डब्याची जागा न सांगण्याबाबत

प्रति,
मा. प्राचार्य,
मुख्य इमारत, पहिला मजला.

विषय : सफाई कर्मचारी हल्ली डबा कुठे खातात, याचा शोध घेण्यास नकार देणेबाबत.
संदर्भ : आपले कालचे पत्र.

महोदय,

उपरोक्त विषयास अनुसरून अर्जदार, प्रथम वर्षास सांस्कृतिक मानवशास्त्र शिकवणारी अध्यापिका, सादर करते की :

१. हा विषय घोकून न घेता खऱ्या अडचणी सोडवत शिकवावा, ही सूचना आपलीच. पहिली अडचणही आपणच दिलीत : सफाई मावशींना नवी खोली बांधून दिली, पंखा लावला, तरी त्या मागच्या जिन्यावरच का जेवतात?

२. विद्यार्थिनी महिनाभर जिन्यावर बसल्या. आधी विचारले, मगच बसल्या; आमचा पहिला धडा तोच. उत्तर सोपे निघाले. खोलीची भिंत काचेची आणि समोर आपली केबिन. "साहेबांची नजर पडली की हाक आलीच. घास तसाच राहतो," असे मावशी म्हणाल्या. विद्यार्थिनींनी उपाय सुचवला : काचेला पडदा लावावा.

३. आपण जिन्यावर कॅमेरा लावलात! आजार रेड्याला आणि इंजेक्शन पखालीला. दुसऱ्या दिवशी जिना रिकामा. थोरल्या मावशींनी अर्जदाराला वाटेत अडवले. "बाई, तुमच्या पोरी गोड बोलून बसल्या आणि आमच्या डोक्यावर डोळा बसवून गेल्या." अर्जदाराला मान वर करता आली नाही. तेव्हापासून जो संताप येतो आहे तो सरकारी मराठीत मावत नाही, त्यास इलाज नाही.

४. आता आपले फर्मान : मावशी हल्ली कुठे बसतात, हे विद्यार्थिनींनी 'पुढील प्रकल्प' म्हणून शोधावे, तोवर त्यांचे गुण अडवून ठेवू, अन्यथा विषय बंद. महोदय, याला मानवशास्त्र म्हणत नाहीत, चहाडी म्हणतात. ती शिकवायला दुसरे कोणी नेमावे.

५. सबब कॅमेरा काढावा आणि मुलींचे अडवलेले गुण सोडावेत. विषय बंद करायचा तर खुशाल करावा.

६. जागा अर्जदाराला ठाऊक आहे. मुली माफी मागून आल्या, त्यानंतर थोरल्या मावशी स्वतःच अर्जदाराला तिथे घेऊन गेल्या. मग त्यांनी सरकून जागा केली आणि स्वतःचा डबा पुढे केला. अर्जदार खाल्ल्या मिठाला जागणार आहे.

आपली, एरवी नम्र,
(सही)
अध्यापिका, मानवशास्त्र
दि. ९ फेब्रुवारी

सोबत : विद्यार्थिनींनी शिवलेला पडदा, एक.