बटन मरून पडतो तेव्हा

कॅटफर्ड, लंडन
२ सप्टेंबर १९३९

प्रिय रूबेन,

तू, हेस्टर आणि तुमची मेंढरं खुशाल असाल असं धरून चालते. माझी तब्येत उत्तम आहे. इथे ऊन चांगलं पडलंय आणि गल्लीत कमालीची शांतता आहे, कारण काल शाळेतली सगळी पोरं, इथे बॉम्ब पडतील म्हणून, गळ्यात नावाच्या चिठ्ठ्या अडकवून गावाकडे रवाना झाली.

माझं अक्षर पाहून पाकीट फोडावं की चुलीत टाकावं, असा विचार तुझ्या मनात येऊन गेला असेल. नाताळच्या जेवणावरून मी अर्धं ताट टाकून उठले, त्याला तीन वर्षं होतील. ‘कुत्रा कमावतो आणि आयव्ही खाते’ असं तू चारचौघांत म्हणालास. ते खोटं असतं तर मी हसून सोडून दिलं असतं. असो. ती मढी उकरायला लिहीत नाहीये. त्याच कुत्र्याला, माझ्या बटनला, तुझ्याकडे ठेवून घेशील का, एवढंच विचारायचं आहे.

स्टुडिओला टाळं लागलं. त्याचा नवा सिनेमा अर्ध्यावर राहिला आणि सेटच्या जागी आता सरकारी पोती रचणार आहेत. तू त्याचा एकही सिनेमा पाहिला नाहीस, म्हणून थोडं सांगते. हा मला कोळसेवाल्याच्या आवारात पोत्याखाली सापडला, मुठीएवढा आणि रंगाने कोणता ते धुतल्यावरच कळलं. स्टुडिओत मी तेव्हा कपडे शिवत होते. एक दिवस भाड्याने आणलेलं बाळ दिव्यांच्या उजेडात रडून गोंधळ घालायला लागलं, तेव्हा दिग्दर्शकाने वैतागून शालीत बटनला गुंडाळून नटीच्या हातात दिलं. पठ्ठ्या दुपारभर हूं का चूं न करता पडून राहिला. तिथून त्याचं नशीब उघडलं.

पुढे जाड्या गस बेंबोबरोबर त्याची जोडी जमली. गस नेहमी वेंधळा पोलीस आणि बटन चोराचा कुत्रा. शेवटी गसचं पिस्तूल चुकून सुटतं आणि बटन मालकाला वाचवायला आडवा येऊन मरतो. मरण्यात त्याचा हात धरणारा कुत्रा इंग्लंडात नाही, हे मी त्याची मालकीण म्हणून सांगत नाही. पाय ताठ, जीभ बाहेर, एक कान जरासा हलतो आणि मग तोही थांबतो. लुइशमच्या थिएटरात पोरं इतकी रडली की मॅनेजरने मला निरोप पाठवला, कुत्र्याला घेऊन या, नाहीतर आया माझी खुर्ची मोडतील. तेव्हापासून दर शनिवारी मी पडद्यामागे याला घेऊन उभी राहायची. सिनेमा संपला की त्याला मंचावर सोडायचं, म्हणजे पोरांना दिसायचं की तो जिवंत आहे. जाताना तिथल्या सगळ्या पोरांचे हात बिस्किटाच्या चुऱ्याने भरलेले असायचे.

हे तुला सांगायचं कारण तुझी बंदूक. बार ऐकला की बटन असेल तिथे पडेल, चिखलात पडेल, नाहीतर मेंढरांच्या पायांत. हलवलंस, उचललंस तरी उठायचा नाही. ‘चहा!’ म्हटलं की उठतो. स्टुडिओत चहाची गाडी आली की काम थांबायचं आणि याला बिस्कीट मिळायचं, त्यावरून मी शिकवलं. अजून माझ्याखेरीज कुणाच्या आवाजाला उठलेला नाही, पण हेस्टरने चिकाटी धरली तर शिकेल.

हल्ली तो फार घाबरतो रे. खिडक्यांना काळे पडदे लावल्यापासून अंगाला चिकटून बसतो आणि सारखा थरथरतो. विमानाचा आवाज आला की त्याचा जीव टांगणीला लागतो. त्याच्यासाठीच म्हणून हे पत्र. माझी काळजी नको. मी इथे ठीक आहे.

लवकर कळव.

तुझी बहीण,
आयव्ही


कॅटफर्ड
४ सप्टेंबर

प्रिय रूबेन,

तुझं उत्तर यायला अजून वेळ आहे हे कळतंय, तरी लिहिते. आम्ही सगळे सुखरूप आहोत. कालचं सांगावंसं वाटलं.

रविवारी आम्ही मिसेस टिबॉलच्या रेडिओपाशी बसलो होतो. मिसेस टिबॉल म्हणजे माझी घरमालकीण, जिभेने तिखट पण भाडं एक आठवडा थांबलं तर ओरडत नाही. युद्ध सुरू झाल्याचं पंतप्रधानांनी सांगितलं आणि त्यांचं बोलणं पुरतं विरलंही नसेल तोच हवाई हल्ल्याचा भोंगा वाजला. त्या भोंग्याचा आवाज तू ऐकला नाहीस ते बरं. पोटातून वर चढत जातो. आम्ही विषारी वायू रोखणारे मुखवटे चढवून गल्लीच्या टोकाच्या निवाऱ्याकडे पळत सुटलो. कुणीतरी घाईत दार आपटलं. बंदुकीच्या बारासारखा आवाज झाला आणि बटन रस्त्याच्या मधोमध मरून पडला.

मी ‘चहा’ म्हटलं. मुखवट्यातून काय आवाज निघतो म्हणून सांगू? आजारी गाईसारखा. याने कानही हलवला नाही. माणसं त्याच्यावरून उड्या मारून पळत होती. आमच्या गल्लीचे हवाई पहारेकरी मिस्टर स्नेल माझा दंड धरून ओढत होते. “मेलं ते, बाई. सोडा आता,” म्हणाले. मुखवट्याचा पट्टा केसांत अडकला होता, काही केल्या निघेना. शेवटी त्यांनी मला आत ढकललं. निवाऱ्यात कुत्र्यांना मनाई आहेच.

ना विमान आलं ना बॉम्ब. थोड्या वेळाने धोका टळल्याचा भोंगा झाला. बाहेर येऊन पाहते तर तो तिथेच, तसाच, पाय ताठ. मी हाक मारल्यावर उठला, अंग झटकलं आणि बिस्किटासाठी माझ्या हाताकडे बघत राहिला. मिस्टर स्नेल म्हणाले की असला कुत्रा त्यांनी जन्मात पाहिला नाही.

इथे सगळे जनावरांचं करून टाकतायत. सरकारी पत्रकातच म्हटलंय, गावाकडे सोय होत नसेल तर त्यांना मारून टाकणं हेच दयेचं आहे. मिसेस टिबॉलने तिच्या अ‍ॅडमिरलला, म्हणजे त्या गलेलठ्ठ बोक्याला, शुक्रवारीच मिस्टर पार्जिटरकडे नेलं. पार्जिटर आमचे जनावरांचे डॉक्टर. आता ती त्याची बशी रोज धुते आणि पुन्हा जागेवर ठेवते. काल मला म्हणाली, “माझा अ‍ॅडमिरल गेला. तुझा बटन काय राजवाड्यात जन्मला?”

बुधवारी मीही पार्जिटरकडे जाणार आहे. बटनचे दात दाखवायचेत. बरेच दिवस राहून गेलंय.

बाकी सगळं ठीक. तुझ्याकडे हवा कशी आहे? सफरचंदं यंदा बरी धरली का?

आयव्ही


कॅटफर्ड
८ सप्टेंबर

प्रिय रूबेन,

तुझं कार्ड मिळालं. ‘कुत्रा पाठव. हेस्टर त्याला स्वयंपाकघरात जागा करतेय.’ तू कधीच पाल्हाळ लावत नाहीस. ते कार्ड मला बुधवारी दुपारी मिळालं. पार्जिटरकडून परत आले तेव्हा दारातल्या पायपुसण्यावर पडलेलं होतं. मला ते धड वाचताच येईना, शेवटी मिसेस टिबॉलने मला वाचून दाखवलं. का, ते आता सांगते.

दातांचं खोटं होतं. त्याचे दात चांगले आहेत. तुझ्या लक्षात आलंच असेल म्हणा, तू काही मूर्ख नाहीस.

पार्जिटरच्या दारापासून रांग थेट पावाच्या दुकानापर्यंत गेली होती. टोपल्या, पिंजरे, बाबागाड्या. एका म्हाताऱ्याच्या कोटातून मांजराचं तोंड बाहेर डोकावत होतं. कुणी रडत नव्हतं, पोस्टात तिकिटांच्या रांगेत उभं राहावं तसे सगळे उभे होते. मग बटनला कुणीतरी ओळखलं. ‘हा तो मरणारा ना?’ झालं, सगळी रांग वळून बघायला लागली. त्याच्याशी हात मिळवायला लोक पुढे आले. ज्या हातात आपल्या कुत्र्याची दोरी धरलेली, त्याच हाताने त्याच्या डोक्यावर थोपटत होते. माझ्या पुढे एक धोबीण होती, तिच्या टोपलीत दोन मांजरी. तिच्या पोरांनी याला पाहून म्हणे दोन दिवस जेवण सोडलं होतं.

पार्जिटरकडचं क्लोरोफॉर्म मंगळवारीच संपलं होतं. ते मला माहीत नव्हतं. आता मागच्या आवारात पिस्तूल वापरत होते.

पहिला बार झाला आणि बटन मरून पडला. फरशीवर, सगळ्या रांगेसमोर, अगदी लुइशमला पडायचा तसा. लोक हसले रे. खरंच हसले, एवढ्या दिवसांत पहिल्यांदा हसले असतील. मी ‘चहा’ म्हटलं, तो उठला आणि शाबासकीसाठी इकडेतिकडे बघायला लागला. म्हाताऱ्याने टाळ्यासुद्धा वाजवल्या.

दुसरा बार झाला. हा पुन्हा पडला. या वेळी कुणी हसलं नाही. मी त्याला उठवलं.

तिसऱ्या बाराला तो पडला तेव्हा मी त्याला उठवलं नाही. मी नुसती खाली बघत उभी राहिले. त्याचा कान हलला आणि थांबला. रांग पुढे सरकायची होती पण सरकेना, कारण तो मध्ये पडला होता आणि त्याला ओलांडायला कुणी तयार नव्हतं. मला दिसत होतं की आत नेलं तर हा असाच पडेल. अगदी शहाण्यासारखा पडेल. शेवटपर्यंत त्याला वाटत राहील की मी आता हाक मारणार आहे.

धोबिणीने माझा कोपर धरला. “सांगा ना त्याला, बाई,” म्हणाली. “उठायला सांगा.”

मी सांगितलं. तो उठला. मी त्याला कोटाच्या आत घेतलं आणि घराकडे चालायला लागले. म्हातारा माझ्यामागून आला, आपल्या मांजराला घेऊन. धोबीण रांगेतच राहिली. तिला तीन पोरं आहेत आणि दोन हात. तिला कुणी नावं ठेवू नयेत.

आता तुला रविवारचंही खरं सांगते. मुखवट्याचा पट्टा अडकला नव्हता. मला फक्त तो खाली ओढायचा होता, एक शब्द बोलायचा होता आणि पुन्हा चढवायचा होता. माझा हात पट्ट्यावर होता. पण मला वाटलं हवेत वायू आहे. मला वास येतोय असंच वाटलं. म्हणून मी त्याला रस्त्यावर टाकून पळाले, आणि मिस्टर स्नेलनी मला ढकललं वगैरे काही नाही, मी त्यांच्या पुढे होते. निवाऱ्यात बसून मला एकच वाटत होतं की तो बाहेर माझी वाट बघतोय. पळून गेला असता तर मी स्वतःला माफ केलं असतं. तो हललाच नाही.

तिथेच माझ्या मनाने घेतलं की एकदा याचं करून टाकलं की बरं. त्याच्यावर दया म्हणून नव्हे. तो गेला की मला टाकून पळण्यासारखं काही उरणार नाही, म्हणून. माणूस भीतीपायी काय काय दयेच्या नावावर खपवतो. आमच्या अख्ख्या गल्लीने खपवलं. आणि रूबेन, अजून एकही बॉम्ब पडलेला नाही. आकाश कोरं आहे. मिसेस टिबॉल बशी धुते आणि आकाशाकडे बघते.

‘कुत्रा पाठव’ म्हणालास. देव तुझं भलं करो. पण एकटा कुत्रा मला पाठवता येत नाही. मी तुला माझ्याबद्दल विचारलंच नव्हतं, मग तू तरी काय लिहिणार? ताट टाकून उठलेल्या बाईला तू आपणहून बोलवावंस, असं मनात धरून बसले होते. तीन वर्षं तेच धरून बसले. आता ते ओझंही उचलवत नाही.

सोमवारी दुपारच्या गाडीने आम्ही दोघं येतोय. उत्तर मागवत नाही, कारण नाही म्हणालास तर काय करायचं ते मला माहीत नाही. शिवण येतं, गाईची धार काढायची सवय मोडली असली तरी शिकेन, तोंड बंद ठेवीन. रागावून आलास तरी चालेल, पण स्टेशनवर ये.

आणि एक. बटन घाबरतो असं मी लिहिलं होतं. तो कशालाच घाबरत नाही. तो थरथरतो ते फक्त माझ्या मांडीवर असतो तेव्हा, आणि थरथरत असते ती मी.

तुझी, फार फार घाबरलेली,
आयव्ही